विदूषकाचे भय : स्वरूप, मुळे आणि उपाय

उद्दिष्टे

हा घटक अभ्यासल्यानंतर आपणांस :
• भीती आणि भयगंड यांतील फरक स्पष्ट करता येईल.
• विदूषकाच्या भयामागील मानसशास्त्रीय कारणांची मांडणी करता येईल.
• या भयाच्या घडणीतील इतिहास व माध्यमे यांचा वाटा सांगता येईल.
• भ्यालेल्या मुलाशी किंवा प्रौढाशी कसे वागावे, याचा साधार विचार करता येईल.

प्रस्तावना

विद्यार्थी मित्रहो, ज्याचे कामच मुळी लोकांना हसविणे आहे, त्याचीच लोकांना भीती वाटावी, ही गोष्ट प्रथमदर्शनी विसंगत वाटते. वाघाची, सापाची, उंचीची किंवा अंधाराची भीती आपण सहज समजू शकतो. तिच्यामागे जीविताचा प्रश्न असतो. परंतु रंगीत झगा, लाल नाक आणि कानापर्यंत रंगविलेले हसू घेऊन येणारा विदूषक कोणाचे काय बिघडविणार? म्हणूनच सर्कशीत किंवा वाढदिवसाच्या समारंभात एखादे मूल विदूषकाला पाहून आईच्या पदराआड दडते, तेव्हा आजूबाजूची मोठी माणसे हसतात. "एवढा काय घाबरतोस, तो तर जोकर आहे," असे म्हणून त्याला पुढे ढकलतात.

या ढकलण्यामागे एक गृहीतक असते. भीतीला कारण नसेल, तर ती खरी नसते, हे ते गृहीतक होय. प्रस्तुत घटकात आपण हे गृहीतक तपासणार आहोत. विदूषकाचे भय वरकरणी हास्यास्पद दिसले, तरी त्याची मुळे मानवी मनाच्या अत्यंत मूलभूत गरजेत आहेत, असे आपल्या लक्षात येईल. समोरच्या माणसाचा चेहरा वाचता यावा, ही ती गरज होय.

१. भीती आणि भयगंड

प्रथम संज्ञा स्पष्ट करून घेऊ. 'भीती' ही प्रत्यक्ष किंवा संभाव्य धोक्याला मनाने आणि शरीराने दिलेली स्वाभाविक प्रतिक्रिया आहे. धोका टळला की ती ओसरते. 'भयगंड' मात्र वस्तुस्थितीच्या मानाने फार मोठा, चिवट आणि दैनंदिन जीवनात अडथळा आणणारा असतो. ज्याला विदूषक पाहून नुसते अस्वस्थ वाटते, त्याला भीती वाटते असे म्हणावे. जो विदूषक दिसेल या धास्तीने मुलाला जत्रेत नेण्याचेच टाळतो, त्याच्या बाबतीत भयगंडाची शंका घ्यावी.

अमेरिकन सायकिॲट्रिक असोसिएशनच्या २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या पाचव्या निदान-पुस्तिकेत विदूषकाच्या भयाला स्वतंत्र विकाराचे स्थान दिलेले नाही. ते 'विशिष्ट भयगंड' या व्यापक गटात मोडते. अशा निदानासाठी भीती सामान्यतः सहा महिने किंवा त्याहून अधिक काळ टिकून असावी लागते. या गटाच्या 'इतर' या उपप्रकारात लहान मुलांच्या संदर्भात मोठे आवाज आणि वेषधारी पात्रे यांचा स्पष्ट उल्लेख आहे. सोंग घेतलेल्या माणसाला मुले घाबरतात, ही गोष्ट वैद्यकशास्त्राने अशा रीतीने नोंदवून ठेवलेली आहे.

इंग्रजीत या भयासाठी 'कोल्रोफोबिया' हा शब्द रूढ झाला आहे. तो विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातला. पायांना लाकडी काठ्या बांधून चालणाऱ्या खेळियासाठी असलेल्या एका ग्रीक शब्दाशी त्याचा संबंध जोडला जातो. मात्र कोशकार या व्युत्पत्तीकडे साशंकतेने पाहतात. शब्द अर्वाचीन असला, तरी ज्या अनुभवाला तो नाव देतो, तो अनुभव जुना आहे.

२. शब्दांमध्ये साठलेले ज्ञान

भाषेच्या अभ्यासकाने अशा वेळी आपल्या भाषेतील शब्दांकडे वळून पाहावे. 'विदूषक' या संस्कृत शब्दात 'दूष्' हा धातू आहे. दोष देणे, बिघडविणे, विटाळणे या अर्थच्छटा त्यात येतात. म्हणजे विदूषक हा केवळ हसविणारा नव्हे. तो मांडलेला डाव बिघडविणारा, मोठ्यांची व्यंगे काढणारा आहे. नाट्यशास्त्रात त्याचे वर्णन ठेंगू, कुबडा, दात पुढे आलेला, टक्कल पडलेला असे केले आहे. नेहमीच्या मानवी आकाराची मोडतोड हा त्याच्या रूपाचा आधार आहे. जी मोडतोड एका प्रेक्षकाला हसविते, ती दुसऱ्याला दचकविते.

'सोंग' हा मराठी शब्द याहून बोलका आहे. बोहाड्यात देवादिकांचे मुखवटे चढवून नाचविली जातात ती सोंगे. तमाशात हसे पिकवितो तो सोंगाड्या. पण 'आजारपणाचे सोंग', 'झोपेचे सोंग' असे आपण म्हणतो, तेव्हा त्याच शब्दाचा अर्थ फसवणूक असा होतो. 'सगळी सोंगे आणता येतात, पैशाचे सोंग आणता येत नाही' ही म्हण या दुसऱ्या अर्थावर उभी आहे. एकच शब्द करमणुकीसाठीही आणि लबाडीसाठीही वापरला जातो. याचा अर्थ असा की, वेष पालटलेल्या माणसाकडे पाहताना समाजाच्या मनात कौतुक आणि संशय हे दोन्ही भाव एकत्र नांदत आले आहेत.

हास्याविषयीही आपली भाषा दक्ष आहे. हसणे, खिदळणे, दात काढणे आणि दात विचकणे यांत आपण भेद करतो. दात विचकण्यात आनंद नसतो. कधी लाचारी असते, कधी धमकी. विदूषकाचे रंगविलेले हसू नेमके या सीमेवर येऊन थांबते. ओठांचा आकार हसण्याचा आहे, पण त्याला हसण्याचे कारण नाही आणि त्याला शेवटही नाही.

३. चेहरा वाचण्याची गरज

माणूस हा समूहात राहणारा प्राणी आहे. समोरचा मित्र आहे की शत्रू, तो रागावला आहे की खूश आहे, हे त्याच्या चेहऱ्यावरून क्षणार्धात ओळखण्यावर त्याची सुरक्षितता अवलंबून असते. हे कौशल्य किती लवकर कार्यरत होते, हे एडवर्ड ट्रॉनिक या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १९७० च्या दशकात केलेल्या प्रयोगांतून दिसून आले. आईने काही महिन्यांच्या बाळाशी नेहमीसारखे खेळावे आणि मग थोडा वेळ चेहरा पूर्णपणे निर्विकार ठेवावा, एवढाच तो प्रयोग. आई तीच, जागा तीच; परंतु चेहरा स्तब्ध होताच बाळ आधी तिचे लक्ष वेधून घेण्याचा प्रयत्न करते, मग अस्वस्थ होते, तोंड फिरविते, बहुधा रडू लागते. प्रतिसाद न देणारा चेहरा हेच बाळाला संकट वाटते.

विदूषकाचा चेहरा असाच स्तब्ध असतो. फरक इतकाच की, तो निर्विकारतेत नव्हे, तर हास्यात गोठलेला असतो. रंगाखालचा माणूस थकलेला असो, चिडलेला असो वा दुःखी असो, वरचे हसू बदलत नाही. चेहऱ्यावरून मिळणारी माहिती अशा रीतीने बंद झाल्यावर पाहणाऱ्याला त्याच्या हेतूचा थांग लागत नाही. त्यातच विदूषकाचे वागणेही बेभरवशाचे असते. तो अंगावर पाणी उडवील, खुर्ची ओढील, गर्दीतून कोणालाही मंचावर खेचील. ज्याचा हेतू कळत नाही आणि ज्याची पुढची कृती सांगता येत नाही, अशा व्यक्तीपुढे मन सावध होणारच.

फ्रँक मॅकअँड्र्यू आणि सारा कोएन्के यांनी २०१६ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासातून हाच मुद्दा वेगळ्या दिशेने पुढे येतो. माणसे कोणाला पाहून अस्वस्थ होतात, याविषयी त्यांनी १,३४१ जणांना प्रश्न विचारले. निरनिराळ्या व्यवसायांमध्ये सर्वांत अस्वस्थ करणारा व्यवसाय म्हणून विदूषकाचा क्रम पहिला लागला. त्यांच्या मते ही अस्वस्थता म्हणजे धोका आहे की नाही, याविषयीची अनिश्चितता होय. धोका उघड असेल तर माणूस पळतो. नसेल तर निर्धास्त राहतो. दोन्हींपैकी काहीच ठरविता येत नाही, तेव्हा तो जागीच थिजतो.

४. ओळखीचे, तरीही परके

या अनुभवाचा एक पैलू जर्मन भाषेत लिहिणाऱ्या विचारवंतांनी विशेष अभ्यासला. एर्न्स्ट येन्च याने १९०६ साली असे मांडले की, समोरची आकृती सजीव आहे की निर्जीव, हे न ठरल्यास मनात एक चमत्कारिक धास्ती निर्माण होते. मेणाचे पुतळे आणि यांत्रिक बाहुल्या ही त्याची उदाहरणे. सिग्मंड फ्रॉइडने १९१९ साली याच विषयावर लिहिलेल्या निबंधात आरंभीच शब्दकोश उघडला. जर्मन भाषेत 'हाइम' म्हणजे घर. त्यापासून झालेल्या 'हाइमलिश' या विशेषणाचा एक अर्थ 'घरगुती, ओळखीचे' आणि दुसरा अर्थ 'लपविलेले, गुप्त' असा आहे. त्याच्या नकारार्थी रूपाने, 'उनहाइमलिश' या शब्दाने, जे भय व्यक्त होते, ते पूर्णतः अनोळखी वस्तूचे नसते. ओळखीच्या वस्तूतच काही तरी परके प्रकट झाल्याचे ते भय असते.

जपानी यंत्रमानवशास्त्रज्ञ मासाहिरो मोरी यांनी १९७० साली हीच गोष्ट आलेखाच्या रूपाने मांडली. यंत्रमानव जसजसा माणसासारखा दिसू लागतो, तसतशी आपल्याला त्याच्याविषयी आपुलकी वाटू लागते. परंतु तो जवळजवळ माणसासारखा, पण पूर्णपणे नव्हे, अशा टप्प्यावर आला की आपुलकी एकदम कोसळते आणि तिच्या जागी किळस व भय येते. आलेखातील या खळग्याला त्यांनी दरीची उपमा दिली. विदूषक हा खरे तर पूर्ण माणूस. पण पांढरीफटक कातडी, फुगवलेले नाक, अवाढव्य पावले आणि लाल ओठ यांमुळे तो त्या दरीत उतरतो.

५. बालमनाची विशेष अवस्था

लहान मुलांच्या बाबतीत आणखी एक कारण असते. मोठ्यांना रंगाखालचा माणूस 'दिसत' असतो. मुलांना तो दिसत नाही. रीटा डिव्हरीस यांनी १९६९ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग येथे उद्बोधक ठरतो. त्यांनी तीन ते सहा वर्षांच्या मुलांना मेनार्ड नावाचे एक शांत मांजर दाखविले. मग त्याचे शेपूट मुलांच्या नजरेसमोर राहील अशा बेताने त्याचा पुढचा भाग आडोशाला घेऊन त्याच्या तोंडावर उग्र कुत्र्याचा मुखवटा चढविला. तीन वर्षांच्या मुलांपैकी अनेकांना मांजराचे खरोखरच कुत्रे झाले असे वाटले. काही जण भ्याले. सहा वर्षांच्या मुलांना मात्र मुखवट्याआड मांजरच आहे, याची खात्री होती.

यावरून एक महत्त्वाचा निष्कर्ष निघतो. 'अरे, तो माणूसच आहे' हे आपले वाक्य तीन वर्षांच्या मुलाला समजत नाही असे नव्हे. त्याच्या जगात ते खरेच नसते. रंग लावलेला माणूस त्याच्या लेखी दुसरेच कोणी तरी झालेला असतो. अशा मुलाला भित्रे म्हणणे म्हणजे त्याच्या वयाला दोष देणे होय.

शेफील्ड विद्यापीठातील संशोधकांनी मुलांच्या रुग्णालयांची सजावट कशी असावी, यासंबंधी ४ ते १६ वर्षे वयोगटातील २५० हून अधिक मुलांची मते घेतली. २००८ साली जाहीर झालेल्या त्यांच्या निष्कर्षांनुसार विदूषकांची चित्रे मुलांना सरसकट नापसंत होती. थोराड मुलांपैकीही काहींना ती भीतिदायक वाटली. मोठ्यांनी मुलांसाठी, मुलांना न विचारता केलेल्या निवडीचे हे बोलके उदाहरण आहे.

६. हसऱ्या चेहऱ्याचा काळा इतिहास

मानसिक मुळांना इतिहास खतपाणी घालतो. आधुनिक पाश्चात्त्य विदूषकाचे रूप लंडनच्या रंगभूमीवर जोसेफ ग्रिमाल्डी (१७७८–१८३७) याने घडविले. पांढरा चेहरा आणि त्यावर लाल रंगाचे पट्टे ही त्याची देणगी. रंगमंचावर हसविणाऱ्या या नटाचे खासगी जीवन आजारपण आणि आप्तांचे मृत्यू यांनी झाकोळलेले होते. त्याच्या आठवणींचे संपादन चार्ल्स डिकन्सने केले व ते १८३८ साली प्रसिद्ध झाले. रंगाखाली दडलेल्या दुःखी माणसाची प्रतिमा त्यामुळे वाचकांच्या मनात रुजली. पॅरिसमध्ये पिएरोची भूमिका गाजविणारा जाँ-गास्पार दब्युरो याने १८३६ साली रस्त्यात टिंगल करणाऱ्या एका तरुणाला काठीने मारले व त्यात तो दगावला. खटल्यात दब्युरो निर्दोष सुटला. १८९२ साली रंगभूमीवर आलेल्या लिओनकाव्हालोच्या 'पाग्लियाची' या संगीतिकेत तर विदूषकाचे काम करणारा नायक चालू प्रयोगात पत्नीचा खून करतो.

विसाव्या शतकाच्या मध्यास बोझो आणि १९६३ पासून रोनाल्ड मॅक्डोनाल्ड यांसारख्या पात्रांनी अमेरिकेत विदूषकाला पुन्हा बाळबोध रूप दिले. परंतु १९७८ च्या डिसेंबरात जॉन वेन गेसी याला अटक झाली. हा मनुष्य 'पोगो' या नावाने विदूषकाचा वेष करून मुलांच्या कार्यक्रमांत जात असे. १९८० साली तो ३३ खुनांबद्दल दोषी ठरला. १९८६ साली स्टीफन किंग यांची 'इट' ही कादंबरी आली. तिच्यातील पेनीवाइज हा विदूषक १९९० च्या दूरचित्रवाणी मालिकेतून आणि २०१७ च्या चित्रपटातून जगभर पोहोचला. २०१६ च्या ऑगस्टपासून तर अमेरिकेच्या दक्षिण कॅरोलायना राज्यातून सुरू झालेल्या 'भीतिदायक विदूषक दिसल्या'च्या वार्ता इतर राज्यांत व देशांत पसरल्या. मॅक्डोनाल्ड कंपनीनेही त्या काळात आपल्या विदूषकाचे जाहीर कार्यक्रम कमी केले. या लाटेची झळ अशा कलावंतांनाही बसली, ज्यांचे पोट याच रंगावर चालत होते. हेही आपण विसरता कामा नये.

येथे महाराष्ट्रातील एका परंपरेशी तुलना उपयुक्त ठरेल. कोकणात शिमग्याच्या दिवसांत नमन-खेळ्यांसोबत संकासूर येतो. काळा पोशाख, टोकदार टोपी, पांढरी दाढी आणि कमरेचे घुंगरू असे त्याचे रूप. मुले त्याला घाबरतात, पळतात आणि पुन्हा त्याच्याच मागे धावतात. येथे भय आहे. पण त्याला ठरलेले दिवस आहेत, सोबत गाव आहे आणि पळून जायला मोकळी वाट आहे. चौकट ठाऊक असलेले भय खेळ बनते. चौकट नसलेले भय मनात घर करते.

७. अलीकडील संशोधन

साउथ वेल्स विद्यापीठातील संशोधकांनी ऑनलाइन प्रश्नावलीद्वारे ६४ देशांतील ९८७ प्रौढांकडून माहिती मिळविली. त्यांपैकी ५३.५ टक्के व्यक्तींनी विदूषकाची थोडी तरी भीती वाटते असे सांगितले, तर सुमारे ५ टक्के व्यक्तींनी ती अत्यंत तीव्र असल्याचे नमूद केले. ही आकडेवारी स्वेच्छेने उत्तरे देणाऱ्यांची आहे, हे वाचताना ध्यानात ठेवावे.

याच संशोधकांनी २०२३ साली भीतीच्या कारणांचा अभ्यास प्रसिद्ध केला. रंगामुळे भावना झाकल्या जाणे आणि हेतू न कळणे, या कारणाला सर्वाधिक दुजोरा मिळाला. चित्रपट व साहित्यातील भीतिदायक चित्रण आणि वागण्यातील बेभरवसा हीदेखील प्रबळ कारणे ठरली. विदूषकाशी आलेल्या प्रत्यक्ष वाईट अनुभवाला मात्र सर्वांत कमी दुजोरा मिळाला. म्हणजे 'तुला कधी कोणी विदूषकाने त्रास दिला होता का?' हा आपला नेहमीचा प्रश्न बहुतेकांच्या बाबतीत गैरलागू आहे.

८. भयावरील उपाय

भय शिकता येते, तसे ते विसरताही येते. जॉन वॉटसन व रोझाली रेनर यांनी १९२० साली 'अल्बर्ट' या नावाने प्रसिद्ध असलेल्या तान्ह्या मुलाला पांढरा उंदीर दाखविताना मागे लोखंडी कांबीवर घाव घालून दचकविले. पुढे तो उंदरालाच नव्हे, तर ससा, केसाळ कोट आणि दाढीवाल्या सांताक्लॉजचा मुखवटा यांनाही बिचकू लागला. आज असा प्रयोग नीतीला धरून मानला जाणार नाही. याउलट मेरी कव्हर जोन्स यांनी १९२४ साली सशाला भिणाऱ्या पीटर या मुलावर केलेल्या उपायांचा वृत्तान्त प्रसिद्ध केला. पीटर आवडीचा खाऊ खात असताना ससा दूर ठेवला जाई आणि हळूहळू जवळ आणला जाई. शेवटी पीटर सशाला गोंजारू लागला. भयगंडावरील आजच्या 'क्रमिक संपर्क' उपचाराचे बीज येथे आहे.

या तत्त्वातून पालकांसाठी काही गोष्टी निष्पन्न होतात. मुलाला बळेच पुढे ढकलू नये. अंतर त्याने ठरवावे. त्याच्या भीतीला हसू नये आणि 'भित्रा' असा शिक्का मारू नये. कारण शिक्का बसला की मूल भीती सोडत नाही, फक्त ती सांगणे सोडते. शक्य असल्यास माणूस मुलासमोरच रंग लावतो आणि पुसतो, हे त्याला पाहू द्यावे. प्रौढ व्यक्तीचे भय जीवनात अडथळा आणत असेल, तर मानसोपचारतज्ज्ञांचे साहाय्य घ्यावे. यात कमीपणा नाही.

विदूषकांनीही या ज्ञानातून धडा घेतला आहे. १९८६ साली न्यूयॉर्कमध्ये मायकेल क्रिस्टेन्सन यांनी रुग्णालयांसाठी विदूषकांचे पथक सुरू केले. तेव्हापासून अनेक देशांत अशी पथके उभी राहिली. त्यांतील कित्येक कलावंत चेहरा पूर्ण रंगवीत नाहीत. लाल नाकावर भागवितात आणि खोलीत शिरण्यापूर्वी मुलाची परवानगी घेतात. इटलीत ४० मुलांवर केलेल्या आणि २००५ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात शस्त्रक्रियेपूर्वी विदूषक सोबत असलेल्या मुलांची चिंता इतरांच्या मानाने कमी आढळली. चेहरा वाचता आला आणि नकार देण्याची मुभा असली, की तोच विदूषक आधार बनतो.

सारांश

विदूषकाचे भय हे केवळ भित्रेपणाचे लक्षण नाही. गोठलेला चेहरा, न कळणारा हेतू, बेभरवशाचे वर्तन, मानवी रूपाची मोडतोड, बालवयातील आकलनाची अवस्था आणि माध्यमांनी घडविलेली प्रतिमा अशा अनेक घटकांतून ते आकाराला येते. त्यावर उपाय आहेत. परंतु त्यांची पहिली पायरी म्हणजे भ्यालेल्या माणसाचे म्हणणे खरे मानणे, ही होय.

स्वाध्याय

१. 'भीती' आणि 'भयगंड' यांतील फरक सोदाहरण स्पष्ट करा.
२. 'सोंग' या शब्दाच्या दोन अर्थांच्या आधारे वेषधारी व्यक्तीविषयीच्या समाजमनाचे विश्लेषण करा.
३. मांजर व मुखवटा यांच्या प्रयोगातून बालमनाविषयी कोणता निष्कर्ष निघतो?
४. आपल्या परिसरातील जत्रा, उत्सव किंवा लोकनाट्य यांतील एखादे भीतिदायक सोंग निवडून, त्याच्या भोवतीची 'चौकट' कोणती आहे, यावर पंधरा ओळी लिहा.